घट्ट गुंडाळलेला सहकार

सणसरच्या पुढच्या एका वाडीतल्या सहकारी पाणीसंस्थेची वार्षिक सर्वसाधारण सभा नेहमीप्रमाणे खेळीमेळीच्या वातावरणात सुरू झाली आणि तीत अध्यक्षांच्या डीएनएची शास्त्रीय तपासणी करण्याचा ठराव एकमताने मंजूर झाला. असा ठराव विषयपत्रिकेवर नव्हता. तो मांडावा असं कुणाच्या मनातही नव्हतं. पण सहकारात एकदा मंजूर झालेली गोष्ट केवळ मनात नव्हती एवढ्यावरून नामंजूर करता येत नाही.

त्याचं असं झालं. संस्थेची पाइपलाइन कालव्यापासून निघते आणि वाडीच्या पार टोकाला, माळावर संपते. सुरुवातीला ज्यांची रानं ते हेडवाले, शेवटाला ज्यांची ते टेलवाले. पाणी सर्वांना समान, असा संस्थेचा पोटनियम आहे आणि तो अध्यक्ष ऋषिराज यांच्या उसाच्या बांधावर मोठ्या फलकावर रंगवलेला आहे. त्या फलकाच्या पुढं पाणी सहसा जात नाही.

ऋषिराज वयानं तरुण, बोलायला गोड. आजोबांनी संस्था काढली, वडिलांनी वाढवली आणि वडील थकल्यावर सभासदांनी यांची बिनविरोध निवड केली. विरोध करणाऱ्याची पाण्याची पाळी चुकते, हे सभासद अनुभवानं शिकले होते. तरीही त्या दिवशी टेलच्या संभाजीतात्यांनी उभं राहून, आपल्या रानात पाणी सोडणाऱ्या चेंबरला ते का येत नाही, असं विचारलं. ऋषिराजनी उत्तरादाखल आजोबांच्या कष्टांचं वर्णन केलं. तात्यांनी पुन्हा पाण्याचं विचारलं. तेव्हा ऋषिराजनी छातीवर हात ठेवून सांगितलं, की पाण्याचं काय घेऊन बसलात, सहकार आमच्या डीएनएमध्येच आहे. टाळ्या पडल्या.

संभाजीतात्या हट्टी माणूस. टाळ्या थांबेपर्यंत ते उभेच राहिले. मग म्हणाले, "हाय म्हनताय तर तपासून घ्या की. घ्या ठरावात."

संस्थेचे सेक्रेटरी झुंबरआबा यांनी तीन पिढ्यांच्या अध्यक्षांची इतिवृत्तं लिहिली होती. 'घ्या ठरावात' हे शब्द कानावर पडले की त्यांचा हात आपोआप चालत असे. त्यांनी लिहिलं आणि सवयीप्रमाणं मोठ्यानं वाचलंही: सदर डीएनएची तज्ज्ञांमार्फत तपासणी करून अहवाल पुढील सभेपुढे ठेवणे. मांडवाच्या मागं तेवढ्यात आमटीला फोडणी बसली. सभेनं एका सुरात 'मंजूर' म्हटलं. त्यात ऋषिराजचाही आवाज होता.

तालुक्याच्या कार्यालयात अशी इतिवृत्तं कुणी वाचत नाही, असा एक सर्वसाधारण समज आहे आणि तो बरोबर आहे. पण त्या सुमारास तिथं एक नवा अधिकारी आला होता आणि त्याला अजून कुणी काही सांगितलं नव्हतं. त्यानं ते वाचलं. डीएनए तपासणीच्या ठरावाची अंमलबजावणी कुठवर आली, अशी संस्थेकडं विचारणा केली. विचारणा आली म्हटल्यावर तज्ज्ञ शोधणं भाग पडलं. पुण्याहून माणूस आणायचा तर त्याचं राहणं-खाणं आलं, शिवाय तो काय लिहील याचा नेम नाही. तेव्हा झुंबरआबांना वैदेहीची आठवण झाली.

वैदेही ही टेलच्या बनाबाईंची सून. बारामतीच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात ती जीवशास्त्र शिकवायची. रोज सकाळी एमआयडीसीत पहिल्या पाळीला निघालेल्या मोटारसायकलींच्या लोंढ्यात तिची स्कूटी असायची. पुढं तिच्या नवऱ्याची, विराजची, मोटारसायकल. तो दुधाच्या प्लांटला कामाला. वैदेहीची नेमणूक हंगामी होती. कायम मान्यतेचा प्रस्ताव 'वर' गेलेला होता. वर म्हणजे कुठं, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. पण ऋषिराजचे सख्खे मामा महाविद्यालयाच्या संचालक मंडळावर होते, त्यामुळं साधारण दिशा तिला माहीत होती.

पेशीच्या इवल्याशा केंद्रकात डीएनए कसा मावतो, हा तिचा सगळ्यात आवडता धडा. दरवर्षी ती तो जीव ओतून शिकवायची आणि दरवर्षी मुलं विचारायची, मॅडम, हे किती मार्कांना येतं. म्हणून झुंबरआबा घरी येऊन, संस्थेला डीएनएविषयी तुमचं मार्गदर्शन हवंय, असं म्हणाले तेव्हा तिला खरोखर भरून आलं. आपल्या विषयाची विचारपूस करत घरापर्यंत आलेला तो पहिलाच माणूस होता. ठरावाची हकिगत तिनं अर्धवटच ऐकली. बनाबाईंनी मात्र भाकरी थापता थापता सगळी ऐकली आणि आबा गेल्यावर सुनेला म्हणाल्या, बोलावणं कुणाचं हाय ते बघ आन् मगच पाय उचल.

वैदेहीनं पाय उचलला. संस्थेच्या कचेरीत संचालक, सभासद, हेडवाले, टेलवाले, सगळे दाटीवाटीनं बसले होते. तिनं चहाचे पेले मागवले आणि टेबलावर ओळीनं पालथे मांडले. मग सुतळीचा एक मोठा तोडा काढून ती सांगू लागली. आपल्या अंगातल्या एकेका पेशीत डीएनएचा जो धागा असतो तो सगळा सरळ केला तर दोन मीटरच्या आसपास भरतो, म्हणजे इथल्या कुणाहीपेक्षा उंच. आणि तो राहतो ती खोली एवढी लहान, की तशा हजारो खोल्या टाचणीच्या डोक्यावर मावतील. उसाच्या रानातली ठिबकची नळी गोळा करताना काय गुंता होतो, हे तुम्ही बघता. पेशीत तसा गुंता होत नाही. तिथं धागा कोंबलेला नसतो, गुंडाळलेला असतो. आठ प्रथिनं मिळून एक रीळ होतं. धागा त्याला जेमतेम पावणेदोन वेढे घेतो आणि पुढच्या रिळाकडं जातो.

बोलता बोलता तिनं सुतळी एका पेल्यावरून दुसऱ्यावर नेली. पाहता पाहता टेबलावर मण्यांची माळ तयार झाली. ती माळ पुन्हा वळते, तिचे फास पडतात, फासांचे गठ्ठे होतात, असं म्हणत तिनं पेले जवळ जवळ सरकवले आणि एवढी लांबडी सुतळी ताटाएवढ्या जागेत बसली. लोक खरंच बघत राहिले. वैदेहीचा चेहरा उजळला होता.

मग ती म्हणाली, की यात खरी गंमत पुढं आहे. जो भाग वाचायचा तो पेशी सैल ठेवते. जो वाचायचा नाही तो घट्ट आवळून टाकते. डोळ्याच्या पेशीतही यकृताचं काम कसं करायचं ते सगळं लिहिलेलं असतं, पण ते गुंडाळून बंद. आणि बंद भाग उघडायचा असेल तर रिळाला बाहेरून एक बारीकशी रासायनिक खूण चिकटवावी लागते. खूण चिकटली की वेढे ढिले होतात आणि काम चालू होतं. एवढाच भाग कुणाला समजावून सांगावा लागला नाही. तालुक्याला खेटे घातलेल्या सगळ्यांनी एकदम माना डोलावल्या.

ऋषिराज इतका वेळ पुढं वाकून ऐकत होते. त्यांनी विचारलं, "म्हंजे वहिनी, एखादी गोष्ट आत असती, पन बंद असती. म्हणून दिसत न्हाय."

"बरोबर."

"आन् दिसत न्हाय एवढ्यावरनं ती नाहीच, असं शास्त्राला म्हणता येत न्हाय."

वैदेहीला इतका चटकन समजणारा विद्यार्थी आजवर मिळाला नव्हता. ती उत्साहानं म्हणाली, "अगदी बरोबर."

ऋषिराज मागं टेकून बसले आणि त्यांनी सगळ्यांसाठी पुन्हा चहा सांगितला. पेले सुतळीत अडकलेले असल्यामुळं तो बशांतून द्यावा लागला.

तपासणीसाठी अध्यक्षांच्या गालाच्या आतून नमुना घ्यावा लागेल, असं वैदेहीनं सुचवलं. त्यावर झुंबरआबांनी पोटनियम चाळून, अध्यक्षांच्या तोंडात हात घालण्याचा अधिकार कोणत्याही समितीला नाही, हे निदर्शनास आणलं. तेव्हा नमुन्याविना तपासणी पूर्ण झाली असं समजण्यात आलं आणि तिला फक्त अहवाल लिहायचा राहिला.

तिनं तो सरळ लिहिला. सहकार नावाचं जनुक नसतं. अध्यक्षांचा डीएनए आणि संभाजीतात्यांचा डीएनए जवळजवळ सगळाच सारखा आहे. कुणाचाही कुणाशी असतो. सहकार माणसाच्या वागण्यात दिसतो, आणि दिसत नसेल तर तो नाही. एवढं लिहून तिनं सही केली आणि ती शांत झोपली.

दोन दिवसांनी झुंबरआबा अहवाल घेऊन पुन्हा दारात. त्यांचं म्हणणं, बाकी सगळं उत्तम उतरलंय, हरकत एकाच शब्दाला आहे. तो शब्द म्हणजे 'नाही'. सरकारदरबारच्या लिखाणात 'नाही' एकट्याला सोडत नसतात, सूनबाई. त्याच्याबरोबर कुणीतरी मोठं माणूस द्यावं लागतं. त्यांनी चष्मा पुसला आणि घरून तयार करून आणलेलं वाक्य वाचून दाखवलं: "सहकाराचे जनुक प्रथमदर्शनी आढळून आले नाही, तथापि ते घट्ट गुंडाळलेल्या भागात असण्याची शक्यता नाकारता येत नाही."

वैदेही म्हणाली, आबा, हे खरं नाही.

आबांनी तिच्याकडं अतिशय मायेनं बघितलं. "खोटं हाय का?"

तिनं विचार केला. बंद भागात पुष्कळ काही असतं आणि त्यातलं सगळं अजून कुणाला उमगलेलं नाही, हे खरंच होतं. नाकारता येत नाहीत अशा शक्यता शास्त्रात ढिगानं असतात. ती घुटमळली तेवढ्यात आबा सहज म्हणाले, की परवा अध्यक्षांचे मामा भेटले होते, तुमच्या मान्यतेचं आपणहून विचारत होते. वैदेहीनं नवीन कागदावर सही केली. पेन खाली ठेवताना तिच्या मनात आलं, एका वाक्यानं काय होतंय.

ते वाक्य तालुक्याच्या त्या नव्या अधिकाऱ्यानं वाचलं आणि तो बराच वेळ खिडकीबाहेर बघत बसला. एवढ्या दिवसांत त्याला पुष्कळ काही सांगण्यात आलं होतं. नोकरी कशी करायची, याबद्दल ज्या एका सूत्राच्या शोधात तो होता ते त्याला सापडलं. त्यानं ते शेजारच्या टेबलाला सांगितलं, शेजारच्या टेबलानं वरच्या मजल्याला.

थोड्याच दिवसांत सुप्याकडच्या एका रस्त्यावर डांबराखाली खडीच नाही, अशी तक्रार झाली. ठेकेदारानं कळवलं, की खडी प्रथमदर्शनी आढळत नसली तरी ती रस्त्याच्या घट्ट गुंडाळलेल्या भागात असण्याची शक्यता नाकारता येत नाही. तक्रार निकाली निघाली. एका दवाखान्यात डॉक्टर हजेरीपटावर होते पण खुर्चीवर नव्हते. ते इमारतीच्या घट्ट गुंडाळलेल्या भागात असू शकतात, हे रुग्णांना मान्य करावं लागलं. एका शाळेतल्या मुलांना वाचता येत नाही, असं पाहणीत दिसलं. मुख्याध्यापकांनी खुलासा केला, की मुलांना वाचता येतं, फक्त ते अजून सैल झालेलं नाही. हा खुलासा इतका पटला, की त्या शाळेला आदर्श शाळा म्हणून जाहीर करण्यात आलं. लोकही मागं राहिले नाहीत. सोयरिकीच्या बोलणीत मुलाकडचे निःसंकोचपणे सांगू लागले, की मुलगा निर्व्यसनी आहे, तेवढं फक्त वर आलेलं नाही.

लोकांच्या बंद पडलेल्या कामांची संख्या वाढल्यावर ती उघडण्यासाठी एक स्वतंत्र 'उलगडा कक्ष' मंजूर झाला. कक्षाला खोली मिळाली, पाटी मिळाली, कर्मचारीही नेमले गेले. खोलीला कुलूप होतं. किल्लीची चौकशी केली असता ती आतच सुरक्षित असल्याचं कळलं. ज्यांना घाई होती त्यांनी बाहेरून खूण चिकटवायची जुनी पद्धत चालू ठेवली.

वैदेहीला जागोजागी व्याख्यानाला बोलावणी येऊ लागली. ती पेले मांडायची, सुतळी गुंडाळायची. अधिकारी मंडळी टिपणं घ्यायची. कॉलेजात प्राचार्यांनी तिचं कौतुक केलं. त्या वर्षी प्रथमच मुलांनी तो धडा मन लावून ऐकला. त्यांना घरी वडिलांनी नीट ऐकून यायला सांगितलं होतं. वैदेहीला आधी बरं वाटलं. मग एका व्याख्यानात तिनं, निरोगी पेशी योग्य वेळी योग्य भाग उघडते, असं सांगितलं तेव्हा तिला दिसलं, की सगळ्या सभागृहानं पेनं खाली ठेवली आहेत. बंद ठेवण्याचा भाग आला की ती पुन्हा उचलली जात होती. त्या दिवशी घरी परतताना रस्त्यात तिला उगाचच अस्वस्थ वाटलं.

तिनं कॉलेजात आपल्या मान्यतेची चौकशी केली. उत्तर लेखी आलं. आपली मान्यता प्रथमदर्शनी आढळून येत नाही. तथापि ती प्रस्तावाच्या घट्ट गुंडाळलेल्या भागात असण्याची शक्यता नाकारता येत नाही. विराजला ते वाचून हसू आलं. वैदेहीला आलं नाही.

उन्हाळा लागला. हेडच्या रानात ऊस कमरेला लागला होता, हिरवागार. फलकाच्या पुढं पाणी वाटणाऱ्या पाटकऱ्यानं येणंच सोडलं. शेत बनाबाईंच्या नावावर, म्हणून संस्थेच्या सभासद त्या. त्यांनी कचेरीत जाऊन तक्रार दिली. उत्तर आलं ते त्यांनी सुनेलाच वाचायला लावलं. वैदेहीनं पहिलं वाक्य वाचलं आणि ती थांबली.

"वाच की," बनाबाई म्हणाल्या.

वैदेहीनं वाचलं. पाणी आपल्या चेंबरमध्ये प्रथमदर्शनी आढळून आलेले नाही. तथापि ते पाइपलाइनच्या घट्ट गुंडाळलेल्या भागात असण्याची शक्यता नाकारता येत नाही.

"ह्ये तुजंच हाय न्हवं?"

वैदेहीनं कागदाची घडी घातली. बनाबाई तिच्यावर रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या डोक्यावर पदर घेऊन रानाकडं निघाल्या आणि वैदेही त्यांच्या मागं. उसाच्या पानांनी सुरळी धरली होती. पाण्याविना ऊस तसाच करतो. उरलासुरला ओलावा जाऊ नये म्हणून पान स्वतःला मिटवून घेतं. वैदेहीनं एक पान दोन्ही हातांनी उलगडून धरलं. सोडल्याबरोबर ते पुन्हा गुंडाळलं गेलं. तिनं दुसरं उलगडून बघितलं. बनाबाई पलीकडच्या सरीत, वाळलेल्या कांड्यांवर हात फिरवत उभ्या होत्या. पोराला अंगावर पाजलं तसा ह्यो ऊस वाढवलाय, असं त्या एकदा म्हणाल्या होत्या. परत येताना वैदेहीनं ठरवलं, की ते वाक्य मागं घ्यायचं. चारचौघांत, जिथं ते मांडलं जाणार आहे तिथंच.

ठरावाप्रमाणं अहवाल पुढच्या वार्षिक सभेत ठेवायचा होता. सभेआधी ती टेलच्या घराघरांतून गेली. एकही जण तिला उलटून बोलला नाही. सगळे म्हणाले, मॅडम, तुमी बोला, आमी हाय. संभाजीतात्यांकडं ती सगळ्यात शेवटी गेली. तात्या घरात नव्हते. रानात होते, पाणी धरत होते. त्यांच्या चेंबरला नवा व्हॉल्व्ह बसला होता आणि बांधापर्यंत रान भिजलं होतं. खास बाब म्हणून मिळालंय, असं त्यांनी तिच्याकडं न बघता सांगितलं, आणि मग खोरं जरा जोरात चालवू लागले.

सभेच्या दिवशी मांडव भरला होता. पहिलाच विषय वैदेहीच्या सत्काराचा निघाला. वाडीचं नाव शास्त्राच्या क्षेत्रात उजळवल्याबद्दल ऋषिराजनी तिला शाल घातली, हातात नारळ दिला आणि दोन शब्द बोलण्याची विनंती केली. ती उभी राहिली. शाल घालून कसं बोलायचं हे न कळून तिनं आधी ती घडी करून खुर्चीवर ठेवली. मागं, बायकांच्या बाजूला बनाबाई बसल्या होत्या.

तिनं फार वेळ घेतला नाही. अहवालातलं ते वाक्य मी दबून लिहिलं, असं ती म्हणाली. मग तिनं सांगितलं, की पेशी धागा गुंडाळते ती काम टाळायला नव्हे, काम करता यावं म्हणून. नको ते बंद ठेवते, हवं ते उघडं ठेवते.

"डोळ्याच्या पेशीनं यकृताचं काम बंद ठेवलं तर ते बरोबरच आहे," ती म्हणाली. "पण तिनं बघायचंच काम बंद ठेवलं तर त्याला घट्ट गुंडाळलेला भाग म्हणत नाहीत. त्याला आंधळेपण म्हणतात. पाणीसंस्थेचं काम पाणी देणं आहे. टेलला पाणी येत नाही, म्हणजे सहकार नाही. पुढं तथापि नाही. हे नोंदवून घ्या."

कुणीतरी खोकलं. ऋषिराजांचा चेहरा जराही बदलला नाही. ते उठले, त्यांनी मॅडमच्या निर्भीडपणाचं तोंडभर कौतुक केलं आणि म्हणाले, की आपण लोकशाही मानणारी माणसं आहोत. ज्यांना मॅडमचं पटतंय त्यांनी हात वर करावेत, आत्ताच्या आत्ता अहवाल बदलून टाकू.

वैदेहीनं टेलवाल्यांच्या रांगेकडं बघितलं. तिथं एकजण चपलेचा अंगठा तपासत होता. दुसरा मोबाईलवर हवामान बघत होता. संभाजीतात्या टोपी काढून तिच्या आत काहीतरी शोधत होते. त्यांचे दोन्ही हात त्या कामात गुंतलेले होते.

बायकांच्या बाजूला एक हात वर झाला. बनाबाईंचा. त्या आजूबाजूला न बघता, हात सरळ वर धरून बसल्या होत्या.

झुंबरआबांनी चष्म्यावरून तिकडं पाहिलं आणि त्यांची लेखणी चालू झाली. लिहून झाल्यावर त्यांनी सवयीप्रमाणं वाचूनही दाखवलं: "महिला सभासदांपैकी एक हात वर झालेला दिसला; तथापि तो पदर सावरण्यासाठी असण्याची शक्यता नाकारता येत नाही."

बनाबाईंनी हात खाली घेतला नाही. सभा पुढच्या विषयाकडं वळली, तो संपला, त्याच्या पुढचाही संपला. तोवर तो हात वरच होता. शेवटी आभार मानून झाले, लोक जेवायला उठले, तेव्हा वैदेही जाऊन त्यांच्या शेजारी बसली आणि तिनं तो आपल्या हातात घेतला.

पुढं व्हायचं ते झालं. अहवाल आहे तसा कायम झाला. टेलचा ऊस कारखान्याला गेलाच नाही. जो उभा होता तो जनावरांना तोडून घातला. जूनमध्ये वैदेहीच्या जागी दुसऱ्या मॅडम आल्या, त्याही हंगामी. वैदेही आता घरीच ओसरीत आसपासच्या मुलांना शिकवते आणि विराज सुट्टीच्या दिवशी तिच्यासाठी फळा रंगवून देतो. बनाबाईंनी उसाच्या रानात जोंधळा पेरला. तो पाण्यावाचूनही येतो.

पण सभेच्या दिवशीच्या जेवणाचं सांगायचं राहिलं. पंगतीत वैदेहीच्या ताटावर माणसांची नुसती रीघ लागली होती. वाढपी दर फेरीला तिच्यापाशी थांबत होते, शिऱ्याचा जास्तीचा घास तिच्या ताटात पडत होता. हेडवाले, टेलवाले, एकेक जण हात धुवायच्या निमित्तानं तिच्या मागून जाताना खाली वाकत होता आणि हळूच सांगत होता, की मॅडम, एकदम बरोबर बोललात, आपल्याला शंभर टक्के पटलं. संभाजीतात्याही येऊन गेले. त्यांना तर सगळ्यांत जास्त पटलं होतं.

गोष्ट इथवर वाचणाऱ्यालाही वैदेहीचंच पटलं असणार. त्याबद्दल शंका घ्यायचं काही कारण नाही. मांडवातही सगळ्यांना पटलंच होतं.